घरटी एक

२४ मार्च, सकाळी ६.४०

पत्रिका एक नग अडतीस रुपये. वरच्या सोनेरी गणपतीचे चार वेगळे. गावोगाव पोचवायचं पेट्रोल, आणि प्रत्येक घरी 'कशाला त्रास घेतलात' ऐकत प्यावा लागणारा चहा, म्हणजे दुकानाचा पाऊण तास. सगळं धरून एक पत्रिका दोनशेच्या आसपास पडते. चंदाला हिशेब ऐकवला. भाकरी थापता थापता म्हणाली, अन् न पोचवलेली केवढ्याला पडती मग?

बायकोच्या असल्या बोलण्याला मी उत्तर देत नसतो.

लेकीचं, शालूचं, लग्न २० एप्रिलला. मुलगा झरीचा, योगीराज. माणसं चांगली. सहाशे पत्रिका छापल्या, खराब होतील म्हणून दहा वर. पाचशे अठ्ठ्याण्णव नावं पक्की. राहिली दोन. सटवाजी आणि महारुद्र.

संध्याकाळपर्यंत निकाल लावतो. विहिरीत अडकलेली पाणबुडी मोटार मी फोनवर आवाज ऐकून सांगतो, बेअरिंग गेलंय का वायंडिंग जळालंय. अर्धं मिनिट पुरतं. दोन माणसांना किती लागावं?

सायंकाळी ७.१५

निकाल लागला नाही. गिऱ्हाईक फार होतं.

२५ मार्च

चार गिऱ्हाईकं. निकाल नाही.

मुद्दे स्पष्ट असावेत म्हणून लिहून ठेवतो. ताडकळसच्या माळावर आम्ही तिघं शेळ्या-मेंढ्या राखायचो. माझी आई मी सहा वर्षांचा असताना गेली. तिथून पुढं नऊ वर्षं सटवाजीच्या आईनं, कडूबाईनं, त्याच्या फडक्यात माझ्या दोन भाकरी जास्तीच्या बांधल्या. एकदा गारा पडल्या तर तिघं एकाच घोंगड्याखाली बसलो होतो. कडूबाईचं घोंगडं, काठाला लाल दोरा. महारुद्राचे पाय बाहेर राहिले, त्याला गारा लागल्या, तो शिव्या द्यायचा अन् आम्ही हसायचो.

पुढं महारुद्र पुण्याला गेला. मी परभणीत मोटारी भरायला, म्हणजे जळालेलं वायंडिंग नव्यानं गुंडाळायला, शिकलो, आज दोन गाळे आहेत, वर घर. सटवाजी मेंढरांमागंच राहिला.

मग तुटलं. माझी त्यात काही चूक नाही. चौदा वर्षांमागं दुकानाचं उद्घाटन केलं. दोघांना रीतसर बोलावलं होतं. एकही फिरकला नाही. माणूस वर गेला की जुन्यांना जड जातं. मी मनात काही ठेवलं नाही. लक्षात ठेवलं, एवढंच.

आवाज मात्र विसरलो नाही. मला भाग्या म्हणणारी जगात दोनच माणसं. बाकी सगळ्यांचा मी भागवतशेठ. अजून अंधारात कोणी भाग्या म्हणालं तर एका शब्दात सांगीन, सटवाजी का महारुद्र. कान ही माझी इस्टेट आहे.

ठराव : दोघांनाही बोलवायचं नाही. फायनल.

२८ मार्च

फायनल रद्द.

आज झरीला गेलो होतो. योगीराजचे आजोबा सिताराम अण्णा बाजेवर बसून सगळ्यांची मापं काढायलेत. मला विचारलं, शेठ, तुमच्या गावाकडचं कोन कोन यायलंय? मी म्हणालो, अख्खं ताडकळस. ते म्हणाले, वा, माणूस कमावलाय म्हणायचं.

घरी येऊन यादी पाहिली. ताडकळसचे चौघं. त्यातले तीन मोटारीचे गिऱ्हाईक. चौथ्याला मी ओळखत नाही, चंदानं घातलाय.

तेव्हा बोलवायचं. यात कमीपणा काही नाही. मोठ्यानं आधी वाकावं, हे मी पहिल्यापासून म्हणतो.

महारुद्राला फोन. सटवाजीला पत्रिका.

३० मार्च, रात्री

महारुद्राचा नंबर मिळवला. फोन उचलून नुसतं हॅलो म्हणाला अन् मी ओळखलं. तीस वर्षं झाली! म्हणालो, महारुद्रा, गारा आठवतात का, तुझे पाय बाहेर, आम्ही आत? पाच मिनिटं बोललो. शेवटी तिकडून आवाज आला, की काका, मी त्यांचा मुलगा बोलतोय, पप्पा वॉकला गेलेत.

आवाज बापाचाच होता पोराला. म्हणजे माझे कान बरोबरच. माणूस चुकला.

संध्याकाळी महारुद्राचा मेसेज. जोडलेले हात, पुष्पगुच्छ, आणि खाली : जमल्यास नक्की येतो. जमल्यास आणि नक्की एकाच ओळीत. पुण्यात राहून माणूस हे शिकतो.

२ एप्रिल

सटवाजीची पत्रिका लिहायला बसलो. तीन पत्रिका वाया गेल्या.

आवतनाच्या आमच्याकडं दोन तऱ्हा. घरटी एक, म्हणजे त्या घरातून एकानं यायचं. आणि चूलबंद, म्हणजे त्या दिवशी त्या घरात चूलच पेटवायची नाही, लेकराबाळांसकट सगळ्यांनी आपल्याकडं जेवायचं. चूलबंद जवळच्यांना.

पहिल्या पत्रिकेवर लिहिलं, श्री. सटवाजी, चूलबंद. वाचून पाहिलं. फार मऊ वाटलं. त्याला वाटेल, माफी मागायलाय. माफी कशाची? दुसरीवर नुसतं नाव. ते फार कोरडं दिसलं, तहसीलची नोटीस आल्यासारखं. तिसरीवर शाई सांडली. चौथीवर लिहिलं, घरटी एक. बरोबर मधला रस्ता.

चंदानं मागून वाचलं. म्हणाली, ज्या घरात नऊ वर्षं खाल्लं, त्या घराला घरटी एक? कडूबाईनं कधी तुमच्या भाकरी मोजून बांधल्या का? मी म्हणालो, दोनच बांधायची. ती म्हणाली, तेच म्हणते, रोज बांधायची. आणि मग हळूच, कडूबाईच्या मातीलाही गेला नाहीत तुम्ही.

मी म्हणालो, खबर उशिरा मिळाली.

म्हणाली, सकाळी सात वाजता मिळाली. फोन मीच दिला होता तुमच्या हातात.

खाली जाऊन एक मोटार उघडली. गिऱ्हाईकाची नव्हती, जुनीच पडलेली होती.

५ एप्रिल

चंदाला म्हणालो, झरीला जाता जाता ताडकळस करून येतो. ती म्हणाली, झरी एका तोंडाला, ताडकळस एका तोंडाला, जाता जाता कसं होतंय?

झरी करून आलो.

७ एप्रिल

निघालो. वाटेत एकाच्या शेतातली मोटार कण्हत होती. रस्त्यावरून ऐकू आलं. उतरून दुरुस्त केली. अशी माणुसकी दाखवायची तर दुसऱ्या कामाला वेळ उरत नाही.

९ एप्रिल, सायंकाळी ६

ताडकळसला जाऊन आलो. काम झालं. म्हणजे झालंच.

बाजाराचा दिवस होता. कांद्याच्या ढिगांमधून गाडी कशीबशी काढली, शेळ्यांच्या बाजाराच्या तोंडाला लावली. काच दोन बोटं खाली. तेवढ्यात आवाज आला. एक माणूस बोकडाचा सौदा करत होता. बोकड तोलायचा अन् व्यापाऱ्याला म्हणायचा, याच्यापेक्षा जास्ती तर मामा तुमी भराल. सगळे हसत होते. एका सेकंदात ओळखलं. सटवाजी! तेच हसणं. चांगला सुटलाय. पोट, पांढरी टोपी, बोटात अंगठी. बरं चाललेलं दिसतं.

त्यानं गाडीकडं एकदा पाहिलं. सरळ पाहिलं. आणि परत बोकडाकडं वळला.

ठीक आहे. मीही उतरलो नाही. एवढा गर्व बरा नव्हे. काच काळी आहे हे मान्य, पण गाडीवर दुकानाचं नाव आहे.

पत्रिका चहावाल्याजवळ दिली. सोबत पुडीत अक्षता. म्हणालो, सटवाजीला द्या. तो म्हणाला, मेंढरंवाल्या सटवाजीला ना, देतो की, रोज येतो चहाला.

पत्रिका तिसऱ्या हातानं देऊ नये असं जुनी माणसं म्हणतात. पण पत्रिका पोचणं महत्त्वाचं.

१० एप्रिल

चंदानं विचारलं, हातात दिली का? मी म्हणालो, दिली. कोणाच्या हातात ते तिनं विचारलं नाही.

इतकी खूश झाली, की बसून बोलायला लागली. ते नको होतं. म्हणाली, चौदा वर्षं पोटात ठेवलंय, आता सांगते. कडूबाई गेली त्याच्या तिसऱ्या दिवशी ती एकटी बसनं ताडकळसला जाऊन आली होती. मला सांगितलं होतं, माहेरी जाते. तिथं बाया बोलत होत्या, की म्हातारी सकाळीच गेली पण उचललं चार वाजता. उन्हाचे दिवस, लोक म्हणायले, सटवाजी, आता ठेवू नये. तो म्हणायचा, थांबा जरा, अजून एक लेक यायचाय.

चार वाजेपर्यंत.

त्या दिवशी दुकानाचं उद्घाटन होतं. ते मी वर लिहिलंय. सकाळी सातला फोन आला, दहाला उद्घाटन. मनात होतं, रिबीन कापून निघावं. मग पेढे वाटायचे होते. मग लाईट गेली. मग आमदाराचा माणूस आला, त्याला सोडून कसं जायचं? दोन वाजता चप्पल घातली होती मी. हे कोणाला माहीत नाही. मग वाटलं, आता उचललं असेल, आता जाऊन काय.

लग्नाला आवतन लागतं. मातीला लागत नसतं. हे मला कोणी शिकवायची गरज नव्हती.

आणि सटवाजी त्या दिवशी माझ्या उद्घाटनाला आला नाही, हे मी चौदा वर्षं लोकांना सांगतोय.

ठराव : उद्या सकाळी ताडकळस. पायी घरापर्यंत. नवी पत्रिका, चूलबंद. कुंकू लावून. हातात.

११ एप्रिल

मंडपवाला आला. उद्या.

१२ एप्रिल

आचारी. बासमती का चिन्नोर यावर दोन तास. उद्या.

१५ एप्रिल

नवऱ्याच्या बुटांचं माप चुकलं. बाकी काही नाही.

१७ एप्रिल

आता गेलो तर त्याला वाटेल, तीन दिवसांवर लग्न आलं अन् आता आठवण झाली. नाही जात. लग्नातच सगळं भरून काढतो. खास कोसा फेटा आणलाय, जरीकाठी, सोयऱ्यांपेक्षा भारी. माईकवाल्याला सांगून ठेवलं, मानपानात पहिलं नाव सटवाजीचं, तीनदा पुकारायचं. स्टेजवर मी स्वतः बांधणार. पाचशे लोकांत पाया पडणार. कडूबाईचं नाव घेणार. बोलायचं ते पाठ केलंय.

हा सगळ्यात चांगला प्लॅन. घरी जाऊन चार भिंतींत बोलण्यापेक्षा.

२१ एप्रिल, सकाळी ८

लग्न झालं. देवाच्या दयेनं नीट झालं. शालू गेली. घरात तिचा कंगवा तसाच पडलाय, चंदा त्याला हात लावू देत नाही.

सटवाजी आला नाही.

अकरा वाजल्यापासून गेटवर मी जातीनं उभा होतो. एका बाजूनं पाहुणे, एका बाजूनं आचाऱ्याचा फोन, पाण्याचे जार कमी पडले होते. तरी एक कान सटवाजीकडं. त्याचा आवाज पन्नास डीजेंत सुटला नसता. सव्वाबाराला मानपान सुरू झालं. तीनदा पुकारलं : ताडकळसचे सटवाजी मेंढपाळ यांनी स्टेजवर यावं. मी स्टेजवर फेटा हातात घेऊन टाचा उंच करकरून गेटकडं पाहत होतो. सगळं कार्यालय मागं वळून गेटकडं पाहायला लागलं. कोणी नाही.

सिताराम अण्णा म्हणाले, शेठ, माणूस यायचा असता तर आला असता. फेटा त्यांनाच बांधला. त्यांना मोठा झाला, कानावर यायचा.

महारुद्राचं जमलं नाही. जोडलेले हात परत आले.

मी माझ्याकडून सगळं केलं. आता दोष माझ्याकडं येत नाही. उलट बरं झालं, मन मोकळं झालं.

२३ एप्रिल

आहेर लिहून काढला. सगळ्यांची नावं लागली, एक सोडून. एक घोंगडं आहे, नवं, हातानं विणलेलं, लोकर जाड. नाव-गाव काही नाही. शालूच्या हातात कोणातरी म्हाताऱ्यानं ठेवलं म्हणे, बाई, पुण्याला थंडी असती. एप्रिल महिन्यात घोंगडं! शिवाय शालू झरीला गेली आहे, पुण्याला नाही. चुकून दुसऱ्या लग्नाचा आहेर इकडं आला असावा.

चंदा म्हणाली, माळ्यावर ठेवू. मी म्हणालो, पडून राहण्यापेक्षा कामाला येऊ दे.

२६ एप्रिल

घोंगडं दुकानात मस्त कामाला आलं. भरलेल्या मोटारींखाली अंथरायला. लोकर असल्यानं तांब्याच्या तारेला खरचटत नाही. गिऱ्हाईक कौतुक करतंय.

काठाला लाल दोरा आहे. आजकाल सगळेच घालत असतील.

४ मे, सकाळी ११

व्हिडिओवाला सिद्धोधन पेन ड्राइव्ह देऊन गेला. म्हणाला, शेठ, गेटचं शूटिंग लय क्लिअर आलंय, माईक एकदम जवळ होता. चंदानं टीव्हीला लावलं.

अकरा चाळीसला गेटवर एक वाळका माणूस दिसतो. काठीसारखा. धुतलेलं धोतर, बगलेत गुंडाळलेलं काहीतरी. चंदा ओरडली, अहो, हे तर सटवाजी भाऊजी!

मी म्हणालो, काहीतरीच. सटवाजी चांगला सुटलाय, मी बाजारात पाहिलाय. ती म्हणाली, सटवाजी भाऊजी कधी सुटले? मातीच्या तिसऱ्या दिवशी मी जवळून पाहिलेत. असेच होते, डोळे खोल.

डोळे मिटून परत ऐकलं.

तो म्हणतो, भाग्या, आलो बरं का. टीव्हीतला मी फोन कानाला लावून म्हणतो, या बाबा, या, वधूपक्ष का वरपक्ष? तो हसतो. म्हणतो, तुझाच पक्ष की रे भाग्या. मी त्याच्याकडं बघतो. चांगला सरळ बघतो. आणि म्हणतो, बरं बरं, जेवून जा, पंगत डाव्या हाताला, आणि हां, जार वीस पाठव, वीस. ते शेवटचं फोनवर.

पुढं शालूला घोंगडं देताना दिसला. बाई, पुण्याला थंडी असती, असं म्हणत नव्हता. म्हणत होता, बाई, पुन्याईवानी ठेव, थंडीचं आसू दे, आईच्या मागावरचं हाय. शालूला एवढ्या गोंगाटात ऐकू आलं नसेल. तिला दोष नाही.

एकटाच होता. बायको-लेकरं नाहीत. पत्रिकेवर मीच लिहिलं होतं, घरटी एक.

सव्वाबाराचं पाहू नका असं चंदा म्हणाली. पाहिलं. पहिल्यांदा पुकारलं तेव्हा पाचव्या ओळीत तो उठला. हात गुडघ्यावर टेकून, हळूहळू. स्टेजकडं यायला निघाला. स्टेजवर मी, हातात फेटा, टाचा उंच. तो बरोबर माझ्या आणि गेटच्या मधे आला. मला गेट दिसेना. मी हातानं खूण केली, बसा, बसा म्हणून. एकदा नाही. दोनदा.

तो बसला. दुसऱ्यांदा पुकारलं, तिसऱ्यांदा पुकारलं. सगळे मागं वळून गेट पाहत होते, तेव्हा तो एकटा खाली पाहत होता.

बाजारातला तो पोटवाला कोण होता, कोण जाणे.

सायंकाळी ५

दुकानातून घोंगडं वर आणलं. चंदानं दोनदा साबण लावला. म्हणाली, ग्रीस लोकरीतून निघत नसतंय. गच्चीवर वाळत टाकलंय.

उद्या ताडकळसला जाणार. असं आत्ता लिहिलं, आणि मागं उलटून पाहिलं तर हे वाक्य या वहीत आधीच आहे.

गेटवरचा तुकडा परत लावला. एकोणीस सेकंदांचा आहे. मधे डीजे नाही, गोंगाट नाही, आवाज स्वच्छ आहे. त्यात तो मला दोनदा भाग्या म्हणाला.